‘संगीत’ या शब्दापुढे एकच नाव का?

१९५६ सालच्या ‘फॉरबिडन प्लॅनेट’ या अमेरिकी विज्ञानपटाच्या श्रेयनामावलीत ‘संगीत’ हा शब्द सापडत नाही. त्याच्या जागी आहे ‘इलेक्ट्रॉनिक टोनॅलिटीज’, आणि पुढे लुई आणि बीबी बॅरन या नवरा-बायकोची नावं. या दोघांनी व्हॅक्यूम ट्यूबची सर्किटं स्वतः जोडली होती. त्यांत वीज इतकी सोडायची की सर्किट किंचाळायला, विव्हळायला लागावं आणि शेवटी जळून जावं. जळालेलं सर्किट पुन्हा तसं बोलत नसे. म्हणून जे निघेल ते आधी टेपवर धरायचं, मग ती टेप उलटी फिरवून, संथ करून, कापून-चिकटवून अख्ख्या चित्रपटाचं पार्श्वसंगीत उभं करायचं. पूर्णपणे इलेक्ट्रॉनिक पार्श्वसंगीत असलेला हा पहिला मोठा चित्रपट. पण बॅरन दांपत्य वादकांच्या संघटनेचं सभासद नव्हतं. संघटनेशी तंटा नको म्हणून स्टुडिओने ‘संगीत’ हा शब्दच वगळला आणि त्या शब्दाबरोबर ऑस्करच्या संगीत विभागात जाण्याची वाटही बंद झाली.

आज असल्या आवाजांना संगीत म्हणायला कुणी कचरत नाही. उलट ‘काहीतरी वेगळं हवं’ हे वाक्य दिग्दर्शकांच्या तोंडी इतकं बसलं आहे की त्याचं वेगळेपणच झिजून गेलंय. अडचण आता दुसरीकडे आहे. करार, वेळापत्रक, स्वामित्वधनाचे कागद, पुरस्कारांची नामांकनं ही सगळी यंत्रणा एकाच गृहीतकावर चालते: संगीत एक माणूस लिहितो आणि बाकीचे ते वाजवतात. ज्या मेळांचं काम या रीतीने होतच नाही त्यांनाही आपण बोलावतो, पण त्याच साच्यात बसवतो आणि मग म्हणतो, अपेक्षेइतकं जमलं नाही. माझं म्हणणं असं की अशा मेळाला बोलवायचं तर चित्रपट संकलकाच्या टेबलावर जाण्याआधी बोलवावं, आणि ते संगीत ज्यांनी ज्यांनी घडवलं त्या सगळ्यांची नावं श्रेयनामावलीत आणि पैशांच्या कागदावर असावीत. यात कुणावर उपकार नाहीत. या दोन गोष्टी नसतील तर अशा मेळाकडून जे मिळवायचं असतं ते मिळतच नाही.

‘असा मेळ’ म्हणजे कसा? अलॉय ऑर्केस्ट्रा हे नाव भारदस्त, पण मंचावर माणसं तीनच. अमेरिकेतला हा मेळ जवळपास तीन दशकं जुन्या मूकपटांना नवं संगीत देत आणि ते पडद्यासमोर बसून प्रत्यक्ष वाजवत फिरला. एकाकडे कीबोर्ड, बाकी दोघांपुढे लोखंडी भंगाराची मांडणी: नळाचे पाइप, घोड्याचे नाल, ट्रकच्या स्प्रिंगा. तिला ते स्वतःच ‘रॅक ऑफ जंक’ म्हणत. हे ऐकून कुणालाही गंमत वाटेल. पण मूकपटातलं यंत्र सुरू होतं तेव्हा खरोखरच्या लोखंडावर पडलेला घाव व्हायोलिनच्या थव्यापेक्षा जास्त पटतो, हे समजायला फार वेळ लागत नाही.

दुसरं टोक जपानमध्ये. गेइनो यामाशिरोगुमी हा समूह १९७४ साली सुरू झाला. त्यात शेकडो माणसं, आणि बहुतेकांचा पोटापाण्याचा धंदा संगीत नव्हे. कुणी डॉक्टर, कुणी इंजिनिअर, कुणी पत्रकार, कुणी विद्यार्थी. म्होरक्या त्सुतोमु ओहाशी हा मूळचा शास्त्रज्ञ. संगीतासाठी तो शोजी यामाशिरो हे नाव घेई. जगभरच्या लोकसंगीताचे गायनप्रकार ही मंडळी शिकत आणि एकत्र गात. १९८८ सालच्या ‘अकिरा’ या ॲनिमेशनपटात बालीची जेगोग नावाची बांबूची अवाढव्य वाद्यं, नोह या जुन्या जपानी नाट्यातले आवाज, पठणासारखं समूहगान आणि सिंथेसायझर एकमेकांत गुंतलेले ऐकू येतात. गामेलान या बाली-जावाकडच्या वाद्यमेळाच्या स्वरांतरांशी सिंथेसायझरचे कारखान्यातून आलेले सूर जुळत नाहीत, म्हणून या समूहाने सिंथेसायझरच नव्याने सुरात लावून घेतले. नोकरी सांभाळून गाणाऱ्या माणसांनी केलेली ही खटपट आहे.

रोममध्ये १९६४ साली संगीतकार फ्रांको एव्हांजेलिस्ती याने ‘ग्रुप्पो दी इम्प्रोव्हिझात्सिओने नुओव्हा कोन्सोनान्झा’ हा गट काढला. त्यातले सगळे वादक मुळात संगीतकार, आणि वाजवायचं ते उत्स्फूर्त, आपल्या वाद्याच्या ओळखीच्या आवाजाला शक्यतो टाळून. एन्नीओ मोरिकोने त्यात ट्रंपेट वाजवायचा. नेहमीच्या ट्रंपेटसारखा ऐकू येईल तो नव्हे. १९६८ मध्ये दिग्दर्शक एलिओ पेत्रीच्या चित्रपटासाठी मोरिकोनेने हा गटच बरोबर नेला. जगातल्या सर्वांत यशस्वी चित्रपट-संगीतकारांपैकी एक माणूस, ज्याच्या चाली रस्त्यावरचा पोरगाही शिट्टीवर वाजवतो, तो आपल्या फावल्या वेळात चालच नसलेलं संगीत चार मित्रांबरोबर वाजवत बसतो, ही मला त्याच्या साऱ्या पुरस्कारांपेक्षा बोलकी गोष्ट वाटते.

आता या तिघांत समान काय? वाद्यं नाहीत. आवाजही नाही. आणि इथेच निर्माते आणि दिग्दर्शक फसतात. त्यांना वाटतं, अशा मेळाकडे आपण एक विचित्र आवाज विकत घ्यायला जातो. तसं असतं तर प्रश्नच नव्हता. कुठल्याही विचित्र आवाजाचे नमुने आज संगणकावर मिळतात. पाइपावरचा घावही मिळतो, बांबूचा घुमारही मिळतो. या मेळांपाशी असतो तो एकत्र घडवण्याचा रियाज. नेहमीच्या वाद्यवृंदात नोटेशन आधी लिहिलं जातं, मग वादकांच्या पुढ्यात येतं, आणि उत्तम वादक ते पहिल्याच वाचनात बिनचूक वाजवतो. इथे उलट होतं. कुणीतरी एक काहीतरी वाजवतो, दुसरा त्याला आडवा जातो, तिसरा तासभर गप्प बसतो आणि मग एकच ठोका असा टाकतो की सगळ्यांना कळतं, हेच. या गडबडीत ‘रचना कुणाची’ हा प्रश्न विचारला तर सगळे एकमेकांकडे बघतील. ती त्या खोलीची असते.

म्हणून वेळ महत्त्वाची. चित्रपट तयार होताना संगीताचा नंबर शेवटी लागतो. संकलन चालू असतं तेव्हा दृश्याला लय मिळावी म्हणून संकलक कुठल्या तरी जुन्या चित्रपटाचं संगीत तात्पुरतं लावतो. याला टेम्प ट्रॅक म्हणतात. चार महिने तेच ऐकून दिग्दर्शकाचं त्यावर प्रेम बसतं. मग संगीतकार येतो, आणि त्याला सांगितलं जातं: असंच हवं, पण हे नको. याचं सर्वांत गाजलेलं उदाहरण १९६८ च्या ‘२००१ : अ स्पेस ओडिसी’चं. ॲलेक्स नॉर्थने त्यासाठी संगीत लिहिलं, ध्वनिमुद्रितही झालं, पण दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकने शेवटी आधी लावलेल्या अभिजात रचनाच ठेवल्या, आणि आपलं संगीत काढून टाकल्याचं नॉर्थला तयार चित्रपट पाहताना कळलं. चित्रपट महान झाला हे खरं. पण त्यामुळे ही रीत बरी ठरत नाही. नॉर्थसारखा मुरलेला एकटा संगीतकार जिथे पडला तिथे भंगार वाजवणाऱ्या तीन माणसांनी काय करायचं? टेम्प ट्रॅकची नक्कल करायची तर त्यांना बोलावलंच कशाला?

उलट बाजूची उदाहरणं पाहा. विल्यम फ्रीडकिनने ‘सॉर्सरर’ (१९७७) करताना टँजरीन ड्रीम या जर्मन इलेक्ट्रॉनिक गटाला फक्त पटकथा दिली. एकही दृश्य न पाहता त्यांनी संगीत ध्वनिमुद्रित करून पाठवलं, आणि फ्रीडकिनने त्या संगीतावर दृश्यं कापली. २०१२ मध्ये आलेल्या ‘ले रेव्हनाँ’ या फ्रेंच मालिकेसाठी ग्लासगोच्या मोग्वाय या बँडने काही भागांच्या संहितेचे अनुवाद वाचून चित्रीकरणाच्या आधीच काम सुरू केलं. मेलेली माणसं काही न घडल्यासारखी घरी परत येतात, अशी ती कथा. संगीतात भीतीचे नेहमीचे दचके नाहीत. एक संथ, सहन न होणारी शांतता आहे. चित्र आधी पाहिलं असतं तर त्यांनीही बहुधा दचके टाकले असते, असा माझा अंदाज. चित्रात दार उघडताना दिसलं की हात आपोआप तिथे काहीतरी वाजवायला जातो.

‘सस्पिरिया’ (१९७७) या इटालियन भयपटाचं संगीत गॉब्लिन या रॉक बँडने केलं, आणि दिग्दर्शक दारिओ अर्जेन्तो ते चित्रीकरणाच्या वेळी सेटवर मोठ्याने वाजवायचा, नट खरोखर अस्वस्थ व्हावेत म्हणून. त्या संगीतात ग्रीक बुझुकी आहे आणि आपला तबलाही आहे. हे कळल्यावर मी तो चित्रपट पुन्हा लावला, यावेळी केवळ ऐकायला. तबला तिथे ‘पूर्वेकडचा’ म्हणून मिरवत नाही, कुणाच्या तरी छातीत धडधडावं तसा वाजतो. संगीत चित्रीकरणाच्या आधी हाताशी असलं की वाद्य आपली ओळखपत्रं मागे ठेवून आत येतं.

माझ्या मताला अडचणीचं ठरणारं एक उदाहरण मात्र आहे आणि ते लपवण्यात अर्थ नाही. ‘पथेर पांचाली’चं (१९५५) संगीत. रविशंकर यांच्यापाशी वेळ नव्हता; त्यांनी अर्ध्याच्या आसपास चित्रपट पाहिला आणि सगळं ध्वनिमुद्रण एका रात्रीत उरकलं. काही जागा उरल्या, तर छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनीच सतार हातात घेतली. मुलगी दुर्गा गेल्याचं बाप हरिहरला कळतं त्या प्रसंगी आई सर्वजयेच्या रडण्याचा आवाज काढून टाकून तिथे दक्षिणामोहन टागोर यांची तारशहनाई, म्हणजे गजाने वाजवायचं तंतुवाद्य, आहे. म्हणजे संगीताला सगळ्यात शेवटी बोलावलं, एका रात्रीत उरकलं, कॅमेरामनला वादक केलं, आणि तरी ते संगीत असं झालं. मग माझं ‘आधी बोलवा’ कुठे राहिलं?

मला याचं उत्तर असं दिसतं. त्या रात्री खोलीत जमलेल्यांची भाषा आधीपासून एक होती. राग ठरला की अर्धं बोलणं संपतं. कुणी कुठे थांबायचं, कुठे पुढे जायचं हे वर्षानुवर्षांच्या तालमीने ठरवून ठेवलेलं असतं. अनवट मेळाला ही सोय नसते. बांबू, सिंथेसायझर आणि समूहगान यांची समाईक भाषा आधी नसतेच, ती प्रत्येक कामात नव्याने बनवावी लागते. तिला वेळ लागतो. एका रात्रीचा दाखला देऊन सहा आठवडे नाकारणाऱ्या निर्मात्याने आधी स्वतःचे रविशंकर शोधावेत.

आता श्रेयाकडे. स्पाइक जोन्झच्या ‘हर’ (२०१३) या चित्रपटाचं संगीत आर्केड फायर या बँडने केलं. पडद्यावर नावही त्यांचंच. ऑस्करचं नामांकन मात्र विल्यम बटलर आणि ओवेन पॅलेट या दोन व्यक्तींच्या नावे झालं. २०११ साली ‘द सोशल नेटवर्क’साठी ट्रेंट रेझनर आणि ॲटिकस रॉस यांना ऑस्कर मिळालं तेव्हा रॉकवाल्यांना दार उघडल्याचा मोठा गाजावाजा झाला. झाला तो रास्त होता, पण ती जोडी होती. दोन नावं मावतात. सहा-सात माणसांचा बँड म्हटलं की खळखळ सुरू होते, आणि शंभर जणांचा समूह म्हटल्यावर तर विषयच संपतो.

पुरस्कार हा तरी शोभेचा भाग. खरी मेख क्यू शीट नावाच्या एका रुक्ष तक्त्यात आहे. चित्रपटात किंवा मालिकेच्या भागात संगीताचा प्रत्येक तुकडा कुठे, किती सेकंद वाजला, त्याचा रचनाकार कोण, प्रकाशक कोण आणि कुणाचा वाटा किती टक्के, हे त्यात भरलेलं असतं. पुढे ती मालिका जेव्हा जेव्हा प्रक्षेपित होते तेव्हा संगीताचं स्वामित्वधन वाटणाऱ्या संस्था याच तक्त्यावरून पैसे देतात. त्यात रचनाकाराचा रकाना आहे, वादकाचा नाही. वादकाला त्या दिवसाचं मानधन मिळतं आणि या तक्त्यापुरता त्याचा संबंध तिथे संपतो. जिथे नोटेशन लिहिणारा एक आणि वाजवणारे ऐंशी, तिथे ही विभागणी समजू शकते. पण जिथे तिसऱ्याने टाकलेल्या एका ठोक्यावर पूर्ण तुकडा उभा आहे, तिथे तो वादक की रचनाकार? बँडमध्ये या प्रश्नावरून झालेली भांडणं सर्वांना माहीत आहेत. कोण खोलीत शेवटी बोलला, कोणाचा वकील जास्त हुशार, यावर टक्के ठरतात. गंमत अशी की त्या तक्त्यात एका तुकड्यापुढे अनेक रचनाकारांची नावं लिहायला कसलीच बंदी नाही. टक्क्यांची बेरीज शंभर झाली की झालं. काम सुरू होण्याआधी, सगळे अजून मित्र असताना, ही वाटणी कागदावर आणायला एक दुपार पुरते. ती दुपार कुणी काढत नाही.

यावर दिग्दर्शकांची तक्रार मी ऐकली आहे आणि ती पोकळ नाही. नोटेशनवर चालणाऱ्या संगीतकाराला सांगता येतं, हे दृश्य दोन सेकंदांनी कमी झालं, एवढी ओळ काढ. संध्याकाळी बदललेली पानं वादकांच्या पुढ्यात असतात. एकत्र घडवलेल्या संगीतातून दोन सेकंद काढायला गेलं तर कधी कधी पूर्ण तुकडाच कोसळतो. शिवाय पाच जणांचं मत घेत बसायचं तर प्रदर्शनाची तारीख उजाडेल. मालिकेत तर दर आठवड्याला नवा भाग.

पण ‘अकिरा’च्या संगीताने याचं एक उत्तर देऊन ठेवलं आहे. ते तालाच्या आणि सुरांच्या सुट्या खंडांत रचलेलं आहे, हलवता येईल, पुन्हा वापरता येईल असं. संगीत प्रत्येक दृश्याला बेतून शिवलं नसेल, तर दृश्य दोन सेकंदांनी कमी झाल्याने त्याची शिवण उसवत नाही. मालिकांना तर ही पद्धत जास्तच सोयीची. ‘स्ट्रेंजर थिंग्ज’ (२०१६) घ्या. सर्व्हाइव्ह या चार जणांच्या सिंथ गटाचं आधीचंच एक संगीत डफर बंधूंनी मालिकेची कल्पना विकताना नमुन्याच्या चित्रफितीला लावलं होतं. म्हणजे मालिका जन्मायच्या आधी तिचा सूर ठरलेला. त्या गटातल्या काइल डिक्सन आणि मायकल स्टाइन या दोघांनी मग मालिकेचं संगीत केलं आणि २०१७ मध्ये शीर्षक संगीतासाठी एमी मिळवलं. त्यानंतर जो तो सिंथेसायझर घेऊन धावला. जे आलं त्यातलं बरंचसं ऐकवत नाही, कारण सर्वांनी आवाज उचलला. संगीत आधी आणि मालिका नंतर हा क्रम उचलण्याचं कुणाच्या मनात आलं नाही.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे: कलाकृतीला एक मन लागतं, समितीने कविता होत नाही. मान्य. पण चित्रपटाला ते मन दिग्दर्शकाच्या रूपाने आधीच मिळालेलं असतं. आणि समिती वेगळी, मेळ वेगळा. समितीत प्रत्येक जण आपला मुद्दा वाचवतो. चांगल्या मेळात माणसं आपलं वाजवणं सोडून देतात. वेर्नर हेर्झोगच्या ‘अगीरे’ या चित्रपटासाठी (१९७२) पोपोल वुह या जर्मन गटाच्या फ्लोरियान फ्रिकेने वापरलेला तो समूहस्वरांचा विचित्र ऑर्गन आठवा: डोंगरउतारावरून मुंगीसारखी माणसं खाली येतात आणि त्यावर तो आवाज नुसता तरंगत राहतो. तिथे काहीच ‘घडत’ नाही. असं काही न घडू देण्याची हिंमत एकट्या भाडोत्री संगीतकाराला क्वचित होते, कारण घेतलेल्या पैशांचं काम दिसायला हवं ना!

शेवटी एक सोपा उपाय सुचवला जातो: व्यक्तींची नावं नकोत, फक्त गटाचं नाव द्या, म्हणजे सगळ्यांना समान न्याय. ऐकायला हे छान वाटतं. बीबीसीच्या रेडिओफोनिक वर्कशॉपची गोष्ट ऐकल्यावर तसं वाटत नाही. १९५८ मध्ये डॅफ्ने ओरम आणि डेस्मंड ब्रिस्को यांच्या पुढाकाराने ही कार्यशाळा सुरू झाली आणि १९९८ पर्यंत रेडिओ-टीव्हीसाठी ध्वनी आणि संगीत बनवत राहिली. १९६३ मध्ये ‘डॉक्टर हू’ या बीबीसीच्या विज्ञानमालिकेचं शीर्षक संगीत संगीतकार रॉन ग्रेनरने लिहून दिलं, प्रत्यक्ष आवाज कार्यशाळेतल्या डेलिया डर्बिशायरने घडवला. एका तारेचा टणत्कार, ऑसिलेटर या विजेवर सूर काढणाऱ्या यंत्राचे सूर, नुसता खरखराट, हे टेपवर घेऊन, एकेक सूर वेगळा बनवून, टेपचे तुकडे मोजून कापून तिने आणि डिक मिल्सने ते जोडलं. तयार झालेलं ऐकून ग्रेनरने विचारलं, हे मीच लिहिलंय का? ती म्हणाली, बरंचसं. ग्रेनरने तिला सहरचनाकार मानून अर्धं स्वामित्वधन मिळावं अशी खटपट केली. बीबीसीने नकार दिला; कार्यशाळेतल्या माणसांची नावं बाहेर येऊ द्यायची नाहीत, संस्थेचं नाव पुरे, असा तिथला रिवाज होता. पडद्यावर वर्षानुवर्षं कार्यशाळेचं नाव आलं.

डर्बिशायरचं नाव त्या शीर्षक संगीतासाठी पडद्यावर पहिल्यांदा आलं ते २०१३ मध्ये, मालिकेच्या पन्नासाव्या वर्धापनदिनाच्या विशेष भागात. ती २००१ मध्ये वारली होती.